पाठीमागचा माणूस

एखादे जुने शहर दुसऱ्या माणसाच्या पायांच्या बळावर पाहावे काय? प्रश्न वरवर किरकोळ वाटतो. प्रवासाला निघालेल्या माणसाने असल्या शंकांनी आपला आनंद का नासवून घ्यावा, असेही कोणी म्हणेल. परंतु नीतिविचारातील पुष्कळसे मोठे प्रश्न अशा किरकोळ प्रसंगांच्या आडोशानेच आपल्यापर्यंत येतात आणि प्रसंग सरला की आपल्या हातून निसटतात. म्हणून हा प्रश्न थोडा वेळ धरून ठेवावा, असे आम्हांला वाटते.

त्याला निमित्तही घडले आहे. २०२४ मध्ये अहमदाबादहून व्हिएतनाममधील दा नांग या शहरापर्यंत थेट विमानसेवा सुरू झाली आणि दक्षिण गुजरातेतील मध्यमवर्गीय घरांतून त्या देशाचे नाव वरचेवर ऐकू येऊ लागले. आपल्या पांडेसरा-उधना भागातील जुनी मराठी घरेही याला अपवाद नाहीत. धुळे, जळगाव, नंदुरबारकडून तापीकाठच्या रेल्वेने उधन्यापर्यंत केलेला प्रवास हाच ज्यांच्या आजोबांच्या आयुष्यातील मोठा प्रवास होता, त्यांची नातवंडे आता दा नांगला उतरून होई आनच्या जुन्या गल्ल्या पाहून येतात. सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेत दोन गोष्टी बहुधा असतातच : जुन्या शहरातून पायी फेरी आणि ‘सायक्लो’तून फेरफटका. सायक्लो म्हणजे पायडल मारून चालवायची तीन चाकांची रिक्षा. सहलीहून परतल्यावर घरोघरच्या गप्पांत या सायक्लोविषयी दोन मते हमखास ऐकू येतात. कोणी म्हणते, ‘माणसाने ओढलेल्या गाडीत बसणे जिवावर आले.’ कोणी म्हणते, ‘त्यात काय एवढे? त्या बिचाऱ्याला दोन पैसे मिळतात.’ येथे गप्पा संपतात आणि चहा येतो. आमच्या मते खरा विचार येथून पुढे सुरू व्हायला हवा.

होई आनचे नाव निघाले की सुरतकराला आपले गाव आठवावे, इतकी या दोन नगरांची कहाणी एका साच्यातली आहे. होई आन हे थू बॉन नदीच्या मुखाजवळचे बंदर, तर सुरत हे तापीच्या मुखाजवळचे. सोळाव्या-सतराव्या शतकांत तेथे चिनी, जपानी आणि डच व्यापारी येऊन राहिले. येथे सतराव्या शतकाच्या आरंभी इंग्रजांची आणि पाठोपाठ डचांची वखार उभी राहिली. पुढे दोन्ही नद्यांची मुखे गाळाने भरत गेली. मोठी जहाजे तेथून दा नांगकडे आणि येथून मुंबईकडे वळली. व्यापार ओसरल्यावर होई आन जणू होते तसेच थांबून राहिले आणि १९९९ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेले. सुरत मात्र थांबली नाही. कापड आणि हिरे यांच्या बळावर ती इतकी वाढली की जुनी सुरत नव्या सुरतेच्या पोटात दडून गेली. तेथे जुने शहर समोर दिसते. येथे ते शोधावे लागते आणि शोधायचे तर पायीच शोधावे लागते.

पायी चालण्याचा महिमा आपल्याला कोणी सांगायला नको. पंढरीच्या वाटेने पिढ्यान्‌पिढ्या चालत गेलेल्यांचे आपण वंशज. परंतु चालण्याचा एक बौद्धिक गुणही आहे, तो असा की चालणाऱ्याला घटनेची दुसरी बाजू पाहण्याइतका अवकाश मिळतो. शिवाजी महाराजांच्या १६६४ आणि १६७० मधील सुरतेवरील स्वाऱ्या आपण शाळेच्या पुस्तकात घोड्याच्या वेगाने वाचल्या. चौक बाजारातील किल्ल्यापासून जुन्या पेठेच्या अरुंद वाटांनी चालू लागले की त्याच घटना त्या पेठेतल्या दाराआडून कशा दिसल्या असतील, असा विचार मनात येतो. वीरजी व्होरा यांच्यासारख्या सावकाराचा वाडा लुटला गेला, हे वाक्य पुस्तकात एका ओळीचे असते. गल्लीत ते घराएवढे होते. याने महाराजांचा मोठेपणा उणावत नाही. ज्या गावाने आपल्या आजोबांना पोटाशी धरले, त्या गावाची आठवणही आपण ऐकून घेतली, एवढेच त्यातून होते. घोड्यावरून आणि मोटारीतून ही आठवण ऐकू येत नाही.

आता सायक्लोकडे वळू. माणसाच्या बळावर चालणाऱ्या वाहनांत बसणारा आणि ओढणारा यांच्या जागा कशा असतात, हे लक्षपूर्वक पाहण्यासारखे आहे. आपल्याकडील सायकलरिक्षात चालवणारा पुढे आणि प्रवासी मागे असतो. प्रवाशाच्या डोळ्यांसमोर सर्वप्रथम येते ती चालवणाऱ्याची पाठ. घामाने भिजलेला सदरा, चढावर उठून पायडलवर दिलेला भार हे सारे त्याला पाहावेच लागते. माथेरानच्या हातरिक्षात एक माणूस पुढे ओढतो आणि दुसरे मागून ढकलतात. तेथे प्रवासी श्रमांच्या मधोमध बसलेला असतो. व्हिएतनामी सायक्लोत प्रवाशाची बैठक पुढे आणि पायडल मारणारा मागे. फ्रेंच अमदानीत, १९३९ च्या सुमारास, ही रचना प्रचारात आली. तिचा लाभ उघड आहे. प्रवाशापुढे रस्ता मोकळा राहतो, शहराचे दृश्य अडत नाही, छायाचित्र निर्वेध येते. पिवळ्या भिंती, कंदिलांच्या ओळी, जपानी पूल हे सर्व समोर उलगडत जाते आणि ज्याच्या पायांमुळे ते उलगडते तो माणूस दृष्टीआड असतो. दृश्य समोर आणि श्रम पाठीमागे, अशी ही व्यवस्था आहे.

रिक्षा या शब्दातही हेच घडून गेले आहे. मूळ जपानी शब्द ‘जिनरिकिशा’. जिन म्हणजे माणूस, रिकि म्हणजे बळ आणि शा म्हणजे गाडी. माणसाच्या बळाची गाडी, असा त्याचा सरळ अर्थ. १८७० च्या आसपास जपानात निघालेली ही गाडी आशियाभर पसरली आणि पसरता पसरता तिच्या नावाचे पहिले अक्षर गळून पडले. बळ राहिले, गाडी राहिली, माणूस गेला. हा भाषेचा योगायोग आहे, त्यात कोणाचा डाव नाही. तरीही आम्हांला वाटते की ओझे वाहणाऱ्याला विसरण्याची माणसाची सवय किती सहज असते, याची ही चांगली खूण आहे.

ही सवय जुनी आहे. सतराव्या शतकातील सुरतेत वखारीचे बडे साहेब पालखीतून हिंडत. ओव्हिंग्टन या इंग्रज पाद्रीने १६८९ च्या सुरतभेटीवर लिहिलेल्या पुस्तकात त्या थाटाचे वर्णन आहे. त्या साहेबांच्या कबरी आजही कतारगाम दरवाजाच्या परिसरात उभ्या आहेत. १६६४ मध्ये वखार राखणाऱ्या सर जॉर्ज ऑक्झेंडनचे आणि त्याच्या भावाचे घुमटदार दुमजली स्मारक तेथे आहे. मलबारच्या वनस्पतींवर प्रचंड ग्रंथ सिद्ध करणारा डच अधिकारी व्हान रेडे १६९१ मध्ये वारला, त्याचीही भव्य कबर डचांच्या कबरस्थानात आहे. मृत्यूनंतरही थाटात एकमेकांवर ताण करण्याची ही चढाओढ पाहायला लोक येतात आणि यावेच. परंतु ज्या भोयांच्या खांद्यांवर ही मंडळी सुरतभर हिंडली, त्यांची एखादी चौथऱ्याची खूणही तेथे नाही. इतिहास पाहायला निघालेला प्रवासी बहुधा ज्यांना वाहून नेले गेले त्यांचाच इतिहास पाहून येतो.

आपल्या परंपरेने मात्र हा प्रश्न दोन कथांतून फार पूर्वीच विचारून ठेवला आहे. पहिली महाभारतातील नहुषाची. इंद्रपद मिळताच नहुषाने ऋषींना पालखीला जुंपले, वर अगस्तींच्या मस्तकाला पाय लावला आणि शापाने अजगर होऊन तो खाली कोसळला. ही कथा उद्दामपणाची आहे. ती वाचून आपण निर्धास्त होतो, कारण आपण कोणाला लाथ मारलेली नसते.

दुसरी कथा आपल्याला असे निर्धास्त होऊ देत नाही. ती भागवताच्या पाचव्या स्कंधातील जडभरताची. सिंधुसौवीरांचा राजा रहूगण पालखीतून कपिलमुनींकडे ज्ञान मिळवण्यासाठी निघाला होता. वाटेत एक भोई कमी पडला, तेव्हा त्याच्या सेवकांनी रस्त्यात दिसलेल्या एका धट्ट्याकट्ट्या माणसाला धरून आणले आणि दांडीखाली उभे केले. तो होता जडभरत. पायांखाली जीवजंतू सापडू नयेत म्हणून तो पुढची जमीन न्याहाळत पाऊल टाकी, त्यामुळे पालखी हिंदकळे. राजाने उपहासाने विचारले, ‘फार थकलास काय? एकट्यानेच फार लांबून वाहून आणलेस काय?’ त्यावर त्या भोयाने जे उत्तर दिले, ते ऐकून राजा पालखीतून उतरला आणि त्याच्या पायांवर डोके ठेवता झाला.

या कथेचे मर्म आम्हांला असे दिसते. रहूगण नहुषासारखा दुष्ट नव्हता. तो ज्ञानाच्या शोधात निघालेला सज्जन यात्रेकरू होता, म्हणजे जवळजवळ आपल्यासारखाच. ज्या ज्ञानासाठी तो दूर चालला होता, ते त्याच्याच पालखीच्या दांडीखाली होते आणि तेवढ्या एका दिशेला त्याची नजर गेली नव्हती. नजर गेली तीही पालखी हिंदकळली म्हणून, म्हणजे त्याची स्वतःची गैरसोय झाली म्हणून. पालखी सुरळीत चालली असती, तर राजा ज्ञान घेऊन परत आला असता आणि त्याला काहीच कळले नसते.

भागवतातील हा भोई कल्पित वाटत असेल, तर व्हिएतनामच्या अलीकडच्या इतिहासाकडे पाहावे. १९७५ मध्ये तेथील युद्ध संपल्यावर दक्षिण व्हिएतनामातील अनेक माजी सैनिकांना, अधिकाऱ्यांना आणि शिक्षकांना नव्या राजवटीत नोकरीची दारे बंद झाली. त्यांतले कित्येक सायक्लो चालवून जगले. पुढे बसलेल्या प्रवाशाला जे दाखवले जात होते, त्याचा अर्थ मागे पायडल मारणाऱ्याला कदाचित वाटाड्याहूनही अधिक ठाऊक असे. परंतु पुढे बसलेल्याने मागे वळून विचारले, तरच तो सांगणार.

आता आरंभीच्या दोन मतांकडे येऊ. पहिले मत संकोचाचे, दुसरे उपजीविकेचे. दोन्हींत सत्याचा अंश आहे आणि दोन्ही अर्ध्यावर थांबतात.

उपजीविकेचे मत म्हणते : मी बसलो नाही, तर तो उपाशी राहील. हे खरे आहे. परंतु हा युक्तिवाद कोणत्याही कष्टाच्या समर्थनार्थ वापरता येतो, हीच त्याची मोठी उणीव आहे. मैला वाहणाऱ्याबद्दलही असेच म्हटले जात असे. पोटासाठी माणूस काहीही पत्करतो, यावरून त्याने पत्करलेले सर्व योग्य ठरत नाही. त्याच्यापुढे दुसरा कोणता मार्ग होता, याचा विचार न करता ‘त्याने राजीखुशीने केले’ असे म्हणणे म्हणजे दार बाहेरून लावून घेऊन आतला माणूस घरातच राहणे पसंत करतो, असे म्हणण्यासारखे आहे.

संकोचाचे मत अधिक सुसंस्कृत दिसते. म्हणून त्याची अधिक कसोशीने तपासणी करायला हवी. माणसाने ओढलेल्या गाडीत बसताना जीव कासावीस होतो, म्हणून बसायचे नाही, ठीक. पण मग पुढे काय? आपण पायी निघून जातो, आपले मन हलके होते आणि चालक दुसऱ्या गिऱ्हाइकाची वाट पाहत उभा राहतो. त्याच्या स्थितीत कोणताही फरक पडलेला नसतो. फरक पडतो तो आपल्या मनाच्या स्थितीत. जो संकोच केवळ आपल्याच मनाची शांती राखतो, त्याला सद्‌गुण म्हणावे की नाजूकपणा, याचा विचार व्हायला हवा. डोळ्यांसमोरचे श्रम सहन होत नाहीत आणि डोळ्यांआडचे सहज सहन होतात, असा प्रकार असेल तर तो नाजूकपणाच.

या दोन मतांचा तिढा प्रत्यक्षात कसा पडतो आणि कसा सुटू शकतो, हे पाहायला माथेरानचे उदाहरण सर्वांत जवळचे आहे. १८५० मध्ये ठाण्याचा कलेक्टर ह्यू मॅलेट याच्यामुळे प्रकाशात आलेले हे थंड हवेचे ठिकाण २००३ मध्ये पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र जाहीर झाले. मोटारी दस्तुरी नाक्याशी थांबतात. पुढे जायचे ते पायी, घोड्यावर, १९०७ पासूनच्या छोट्या आगगाडीने किंवा हातरिक्षाने. तेथे ९४ परवानाधारक हातरिक्षा होत्या. झाडे वाचावीत, धूर नसावा, शांतता असावी हा हेतू उत्तम होता. परंतु यंत्राच्या धुराला केलेल्या मनाईची किंमत लाल मातीच्या चढावर माणसे ओढणाऱ्यांच्या छातीने चुकवली. निसर्गाविषयीची करुणा आणि माणसाविषयीची करुणा यांची अशी फारकत होऊ शकते, हे माथेरानने दाखवले.

मे २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विजेवरच्या रिक्षांच्या प्रयोगाला परवानगी दिली आणि त्याच वर्षी डिसेंबरात तो सुरू झाला. पुढे ६ ऑगस्ट २०२५ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या अध्यक्षतेखालील पीठाने हातरिक्षाची प्रथा अमानवी ठरवून ती सहा महिन्यांत बंद करण्याचा आदेश दिला. या आदेशातील आम्हांला महत्त्वाचा वाटणारा भाग बंदीचा नाही, बंदीच्या पुढचा आहे. हातरिक्षा ओढणाऱ्यांचे पुनर्वसन करावे, विजेवरच्या रिक्षा त्यांच्याच हाती द्याव्यात, त्यासाठी गुजरातेतील केवडियाच्या धर्तीवर योजना आखावी आणि निधी नसल्याची सबब पुढे करू नये, असे न्यायालयाने महाराष्ट्र शासनाला बजावले. संकोच आणि उपजीविका या दोहोंचा मान येथे राखला आहे. ओढणे थांबेल, ओढणाऱ्याची भाकरी थांबू नये.

या निकालाला एक जुना पाया आहे. पंजाबने १९७५ मध्ये कायदा केला की सायकलरिक्षाचा परवाना स्वतः रिक्षा चालवणाऱ्या मालकालाच मिळावा. हेतू चांगला, परंतु भाड्याने रिक्षा घेऊन पोट भरणाऱ्यांचे धंदे त्यामुळे बुडण्याची वेळ आली. अमृतसरच्या रिक्षाचालकांचे गाऱ्हाणे १९८० मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आले, तेव्हा न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी कायदा मोडीत न काढता चालकांना बँकेचे कर्ज मिळवून देऊन रिक्षाचे मालक करण्याची वाट काढली. दिल्लीतही महापालिकेने सायकलरिक्षांच्या संख्येवर घातलेली मर्यादा २०१० मध्ये तेथील उच्च न्यायालयाने रद्द केली. वरवर हे निर्णय परस्परविरोधी वाटतात : एक प्रथा बंद करतो, दुसरा चालकाला मालक करतो, तिसरा चालकांची वाट मोकळी करतो. परंतु तिन्ही ठिकाणी विचारलेला प्रश्न एकच आहे. गाडी पुढे बसणाऱ्याला कशी वाटते, हा तो प्रश्न नव्हे. गाडी कोणाची आहे आणि ती ओढणाऱ्याला ‘नाही’ म्हणण्याची सोय आहे काय, हा तो प्रश्न.

जर्मन तत्त्वज्ञ कांट याने १७८५ मध्ये मांडलेला नियम प्रसिद्ध आहे : माणसाला केवळ साधन म्हणून वागवू नये. त्यातील ‘केवळ’ हा शब्द बहुतेकजण विसरतात. आपण एकमेकांची साधने असतोच. शिंपी आमचे साधन, आम्ही त्याच्या उपजीविकेचे. दोष साधन होण्यात नाही. साधनापलीकडे त्या माणसाचे काही उरू न देण्यात दोष आहे. ज्याच्याकडे स्वतःची गाडी आहे, ठरलेले भाडे आहे आणि नको असलेले ओझे नाकारण्याची मुभा आहे, तो सायक्लोवाला साधन होऊनही माणूस राहतो. ज्याच्याकडे यांपैकी काही नाही, तो गाडीसकट भाड्याने दिलेला असतो.

येथे कोणी म्हणेल, मग चालावेच की. त्यात तरी कोणाचे ओझे कोणावर नाही. यावर दोन गोष्टी ध्यानात घ्याव्या लागतात. पहिली ही की चालणे हे सर्वांना परवडणारे पुण्य नाही. ज्यांचे गुडघे शाबूत आहेत, त्यांनीच पालखी नाकारण्याचा अभिमान मिरवावा. गिरनारच्या दहा हजारांच्या आसपास पायऱ्या डोलीतून चढणारी म्हातारी आई चैन करीत नसते. आयुष्यभराचा एक हेतू ती पुरा करीत असते. त्या डोलीची एक रीत आम्हांला फार प्रामाणिक वाटते. भाडे वजनावर ठरते आणि गरज पडल्यास प्रवाशाला आधी काट्यावर बसावे लागते. आपला भार दुसऱ्याच्या खांद्यावर किती पडणार, हे निदान मोजले तर जाते. २४ ऑक्टोबर २०२० रोजी गिरनारवर रोपवे सुरू झाला आणि वृद्धांची सोय झाली. त्याच वेळी पिढीजात डोलीवाल्यांच्या पोटाचा प्रश्नही उभा राहिला. माथेरानचा धडा तेथेही लागू आहे.

दुसरी गोष्ट अशी की चालणेही नेहमी निष्पाप नसते. २०२० च्या टाळेबंदीत सुरतेतील परप्रांतीय कामगार ‘आम्हांला गावी जाऊ द्या’ म्हणत रस्त्यावर उतरले. त्यांत आपल्या पांडेसऱ्याचे कामगारही होते. देशभर लक्षावधी माणसे पायी निघाली. ८ मे २०२० च्या पहाटे, आताच्या छत्रपती संभाजीनगरजवळ करमाड येथे, चालून थकून रुळांवर झोपलेल्या १६ मजुरांवरून मालगाडी गेली. ज्या वर्षी एवढी माणसे नाइलाजाने चालली, त्यानंतर ‘पायी फिरण्याचा आनंद’ हे शब्द उच्चारताना जीभ थोडी अडखळायला हवी. हौसेने चालणारा आणि नाइलाजाने चालणारा यांच्यात तेच अंतर आहे, जे सायक्लोत पुढे बसणारा आणि मागे पायडल मारणारा यांच्यात असते.

म्हणून हा प्रश्न होई आनपुरता आणि माथेरानपुरता राहत नाही. तो आपल्या दाराशी येतो. पांडेसऱ्याच्या औद्योगिक वसाहतीत डाइंग-प्रिंटिंगच्या मिल आहेत. आसपासच्या भागांत यंत्रमाग रात्रंदिवस चालतात. मीटरवर मजुरी घेणारा, बारा-बारा तास उभा राहणारा, मागांच्या खडखडाटात कान गमावणारा कामगार ओडिशातील गंजामचा असतो, उत्तर प्रदेशचा, बिहारचा असतो आणि अजूनही आपल्या खानदेशचा असतो. तो विणतो आणि रंगवतो ती साडी रिंगरोडच्या बाजारातून हातगाडीवर लादून निघते आणि देशभर जाते. नेसणारीच्या समोर साडीचा रंग असतो. रंगवणारा तिच्या पाठीमागे, शेकडो कोसांवर असतो. विचार केला तर आपला बहुतेक संसार सायक्लोच्या रचनेचा आहे. दृश्य समोर, श्रम पाठीमागे. खरी सायक्लो निदान इतकी जवळ असते की मागच्या माणसाचा श्वास ऐकू येतो.

आणि येथे आम्हां जुन्या रहिवाशांची जबाबदारी इतरांहून वेगळी आहे. आपले आजोबा-पणजोबा याच शहरात मागच्या बाजूला होते. त्यांनी तागे उचलले, माग चालवले, एका खोलीत दहा-दहा जण राहून घरी मनिऑर्डर पाठवली. दोन-तीन पिढ्यांत आपण पुढच्या आसनावर आलो. घरे झाली, दुकाने झाली, मंडळे आणि वाचनालये झाली. हे कष्टाचे फळ आहे, त्याची लाज वाटण्याचे काहीच कारण नाही. परंतु जागा बदलली की नजरही बदलते, हा धोका असतो. काल आलेल्या ओडिया किंवा बिहारी कामगाराविषयी ‘या लोकांनी भाग बिघडवला’ असे शब्द आपल्या ओसरीवर ऐकू येतात, तेव्हा ते शब्द कधीकाळी अहिराणी बोलणाऱ्या आपल्या आजोबांविषयीही कोणी वापरले असतील, हे विसरता कामा नये. खोली भाड्याने देणारे आता आपण आहोत, कामाला माणूस ठेवणारेही आपण. ‘नाही’ म्हणण्याची सोय त्याला आहे काय, हा कोर्टात विचारलेला प्रश्न आता आपल्याला विचारला जातो आहे.

मग सायक्लोत बसावे की नाही? आमचे उत्तर असे आहे. चालता येत असेल तेथे चालावे. ते शहराच्याही आणि आपल्याही हिताचे आहे. चालता येत नसेल किंवा शहर फार पसरलेले असेल, तर बसावे. पण भाडे आधी ठरवावे आणि उतरल्यावर घासाघीस करू नये. चढ आला तर ज्याला उतरणे शक्य आहे, त्याने उतरावे. दोघांच्या जागेवर चौघे बसू नयेत. गाडी कोणाची, दिवसाचे भाडे मालकाला किती द्यावे लागते, हे भाषा येत असेल तर विचारावे. येत नसेल तर वाटाड्याला विचारायला सांगावे. ओढणे थांबवण्यासाठी सरकार पावले उचलत असेल, तर त्याला पाठिंबा द्यावा आणि ओढणाऱ्याच्या हाती पुढे काय दिले, हेही त्याच दमात विचारावे. यांतले काहीच महान नाही. रहूगणाला पालखी हिंदकळल्यावर जे कळले, ते आपल्याला ती सुरळीत चालली असतानाही कळावे, एवढाच याचा अर्थ.

आपल्या मंडळींपैकी ज्यांना होई आनपर्यंत जाणे शक्य नाही, त्यांच्यासाठी जुनी सुरत आहेच. किल्ल्यापासून, १६४४ मध्ये यात्रेकरूंसाठी बांधलेल्या आणि पुढे महानगरपालिकेचे मुख्य कार्यालय झालेल्या मुघलसराईवरून, कतारगामच्या कबरस्थानांपर्यंतची वाट हिवाळ्यातल्या एका सकाळी टप्प्याटप्प्याने हिंडता येते. घरातील वडीलधाऱ्यांसाठी रिक्षा बरोबर ठेवावी. त्यांनी चालावे असा हट्ट धरू नये. वाटेत बाजाराच्या बाजूने गेलात, तर गाठोड्यांनी लादलेली हातगाडी समोरून येईल आणि गल्ली अरुंद असेल. अशा वेळी हातगाडीवाल्याला आधी जाऊ द्यावे. भरलेली गाडी थांबवून पुन्हा हलवायला किती जोर लागतो, हे आपल्यापैकी पुष्कळांच्या घरात अजून आठवणारे कोणीतरी असेल; त्यांना त्या दिवशी संध्याकाळी जरूर विचारावे.